शिनोबू हाशिमोतो: 'राशोमोन'चा लेखक निर्माता होतो तेव्हा

रिळवाला

जपानी दिग्दर्शक अकिरा कुरोसावांवर इथे धाग्यांना तोटा नाही. पण 'राशोमोन', 'इकिरु', 'सेव्हन सामुराई' या तिन्हींच्या श्रेयनामावलीत कुरोसावांच्या शेजारी लेखक म्हणून जे नाव येतं, त्या माणसावर एकही स्वतंत्र धागा सापडला नाही. म्हणून हा प्रपंच.

शिनोबू हाशिमोतो. जन्म १९१८, ह्योगो प्रांतात. मृत्यू २०१८, वयाच्या शंभराव्या वर्षी. १९३८ साली सैन्यात गेले, तोत्तोरीच्या पलटणीत असतानाच क्षय निघाला आणि पुढची चार वर्षं ओकायामातल्या आजारी सैनिकांच्या क्षयरुग्णालयात गेली. तिथे शेजारच्या रुग्णाने वाचायला दिलेल्या सिनेमासिकात एक पटकथा छापलेली होती. एवढंच असेल तर हे आपल्यालाही जमेल, असं यांना वाटलं. जपानमधला सगळ्यात चांगला पटकथाकार कोण, असं त्यालाच विचारलं. उत्तर मिळालं, मान्साकु इतामी. लिहून झालेली संहिता यांनी थेट इतामींना धाडली. इतामी स्वतः क्षयाने अंथरुणाला खिळलेले होते, तरी त्यांनी टीकेसकट उत्तर पाठवलं. पुढे हाशिमोतो हिमेजीच्या एका कारखान्यात हिशेबनीस म्हणून काम करत लिहीत राहिले. इतामी १९४६ मध्ये गेले. त्यांच्या पत्नीने हाशिमोतोंची ओळख इतामींचे जुने सहायक कियोशी साएकी यांच्याशी करून दिली आणि साएकींमार्फत संहितांचा गठ्ठा कुरोसावांकडे पोचला.

त्या गठ्ठ्यात आकुतागावांच्या 'झाडीत' या १९२२ सालच्या कथेवरची एक पटकथा होती. हाशिमोतोंची निवड बघा. मूळ कथा म्हणजे सात जबान्या, एकापाठोपाठ एक: लाकूडतोड्या, भिक्षू, पोलीस, म्हातारी, दरोडेखोर, बायको आणि मांत्रिकेच्या तोंडून बोलणारा मेलेला नवरा. मध्ये निवेदक नाही, शेवटी निकाल नाही. यावर सिनेमा करावा असं तोवर कुणाच्या डोक्यात आलं नव्हतं. पटकथा कुरोसावांना आवडली, पण एका सिनेमाला कमी पडत होती. तेव्हा हाशिमोतोंनी त्याच लेखकाची 'राशोमोन' ही १९१५ सालची कथा त्यात जोडायचं सुचवलं. नंतरची बांधणी कुरोसावांची: वेशीखाली पावसात अडकलेली तीन माणसं ही चौकट, म्हातारीची जबानी बाद, लाकूडतोड्याला दुसऱ्यांदा बोलायला लावणं आणि शेवटी टाकून दिलेलं बाळ. १९५० साली सिनेमा आला, १९५१ साली व्हेनिसचा सुवर्णसिंह मिळाला.

लेखक म्हणून पहिलाच सिनेमा आणि थेट व्हेनिस! पुढे कुरोसावांबरोबर एकूण आठ सिनेमे, दिग्दर्शक मासाकी कोबायाशींसाठी 'हाराकिरी' (१९६२), आणि १९७३ मध्ये स्वतःची निर्मितीसंस्था. मला या धाग्यात मुख्यतः त्या शेवटच्या टप्प्याबद्दल बोलायचं आहे, कारण त्याबद्दल आपल्याकडे कुणी फारसं लिहीत नाही. माझं मत आधीच सांगून टाकतो: हाशिमोतोंचं उत्तम काम तेव्हाच झालं जेव्हा समोर कुणीतरी 'नाही' म्हणणारं बसलेलं होतं.

पारिजातक

वाचनखूण साठवली. एक शंका. 'सेव्हन सामुराई'च्या पटकथेवर तीन नावं आहेत. तिघं मिळून लिहितात म्हणजे नेमकं काय करतात? प्रसंग वाटून घेतात का?

रिळवाला

वाटून घेत नाहीत, तीच तर गंमत आहे. 'इकिरु' आणि 'सेव्हन सामुराई'च्या वेळची पद्धत साधारण अशी होती.

आधी विषय ठरायचा, एका ओळीत. 'इकिरु'साठी कुरोसावांनी कागदावर जे लिहून दिलं त्याचा आशय इतकाच: ७५ दिवसच आयुष्य उरलेला माणूस. मग पात्रं. मग हाशिमोतो एकटे पहिला खर्डा लिहायचे. तो झाला की तिघं एखाद्या सराईत मुक्काम ठोकायचे ('सेव्हन सामुराई'साठी अतामीला). तिथे कुरोसावा आणि हाशिमोतो एकाच मेजावर एकच प्रसंग आपापला लिहायचे. तिसरे लेखक हिदेओ ओगुनी लिहायचे नाहीत. त्यांचं काम दोन्ही कागद वाचायचे आणि हे चालेल, ते नाही, असं सांगायचं. वयाने ते दोघांपेक्षा मोठे, त्यामुळे कुरोसावाही निमूट ऐकायचे. निमूट म्हणजे प्रत्येक वेळी शांतपणे असं नव्हे. 'इकिरु'च्या वेळी ओगुनी उशिरा आले, तोवर लिहिलेलं वाचलं आणि बांधणीच चुकली म्हणाले. कुरोसावांनी चिडून पानं फाडली आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात झाली. नायक साधारण दोन तृतीयांश सिनेमा झाल्यावर मरतो आणि उरलेला भाग त्याच्या मयताला जमलेल्या सहकाऱ्यांच्या आठवणींतून उलगडतो, ती रचना त्या फाडाफाडीतून आली.

तिरकस

हे सगळं हाशिमोतोंच्या आठवणींच्या पुस्तकातलं ना? ते २००६ साली आलं. कुरोसावांचे आणखी एक सहलेखक किकुशिमा १९८९ मध्ये गेले, ओगुनी १९९६ मध्ये, कुरोसावा १९९८ मध्ये. खोलीतले बाकीचे सगळे गेल्यावर एकाने सांगितलेली हकीकत. 'राशोमोन' लिहिणाऱ्याने तरी आपल्याला एकाच साक्षीदारावर विसंबायला सांगू नये!

रिळवाला

मुद्दा बिनतोड आहे. म्हणून त्यातले फाडाफाडीसारखे प्रसंग थोडे जपूनच घ्यावेत. पण पद्धतीबद्दलचा भाग तपासता येतो, कारण तो पडद्यावर दिसतो. 'सेव्हन सामुराई'चंच घ्या.

पहिली कल्पना वेगळीच होती: एका सामुराईचा एक दिवस. सकाळी उठतो, किल्ल्यावर कामाला जातो, काहीतरी चूक होते, संध्याकाळी घरी येऊन पोट चिरून घेतो. हाशिमोतो ग्रंथालयात जाऊन बसले आणि तपशिलावर अडले. त्या काळचा सामुराई दुपारी जेवायचा का? दिवसाला दोन जेवणं की तीन? डबा घरून न्यायचा की किल्ल्यावर मिळायचं? खात्रीलायक उत्तर मिळेना. जेवणाचा एक प्रसंग लिहिता येत नाही म्हणून आख्खा सिनेमा सोडून दिला.

दुसरी कल्पना म्हणजे नामांकित तलवारबाजांच्या चरित्रांतले सगळ्यात भारी प्रसंग एकत्र गुंफायचे. हाशिमोतोंनी तेही लिहिलं. वाचून कुरोसावा म्हणाले की नुसत्या कळसांचा सिनेमा होत नाही. तेही बाद.

मग प्रश्न निघाला की तलवारबाज गावोगाव फिरायचे, तर खर्च कसा भागायचा? निर्माते सोजिरो मोतोकी यांनी माहिती काढली: आखाड्यात गेलं तर जेवायला मिळायचं, नाहीतर देवळात. दोन्ही नसेल तर एखाद्या गावात रात्रभर चोरदरोडेखोरांवर पहारा करायचा, गावकरी पोटभर जेवू घालायचे. झालं! शेतकरी सामुराई भाड्याने घेतात, मोबदला भात. सिनेमा मिळाला.

आणि बाद खर्डे वाया गेले नाहीत. सामुराईंचा म्होरक्या काम्बेई डोकं भादरून, भिक्षूचं सोंग घेऊन ओलीस पोराला सोडवतो, तो प्रसंग नोबुत्सुना कामिइझुमी या ऐतिहासिक तलवारबाजाच्या आख्यायिकेतला. सातांपैकी क्यूझोचं आधी लुटुपुटूचं आणि मग खऱ्या तलवारीचं द्वंद्व आहे ना, ती आख्यायिका याग्यू जूबेईची. दोन्ही त्या बाद झालेल्या चरित्रमालेतून उचललेले. जुन्या इमारतीचं लाकूड नव्या घराला लावावं तसं.

चहाबिस्कुट

म्हणजे 'शोले'चं मूळ जपानी सामुराईंच्या जेवणात! जय-वीरूला ठाकूर पैसे देतो, इथे भात. बाकी तेच ना?

तिरकस

तेच नाही. 'शोले'पर्यंत ते 'द मॅग्निफिसंट सेव्हन' (१९६०) या अमेरिकी अवतारावरून आलं, असं सगळेच मानतात. पण सलीम-जावेदनी एक मोठा फरक केला. इथे माणसं भाड्याने घेणारं आख्खं गाव आहे आणि त्या गावाचंही काही खरं नाही: धान्य लपवतात, पोरी लपवतात, जखमी सामुराईंना लुटून त्यांची चिलखतं दडवून ठेवतात. 'शोले'त भाड्याने घेणारा एकटा ठाकूर, आणि गाव बिचारं भोळं. सुडाचा धागा मिळाला, पण गावकरी आणि लढवय्ये यांच्यातला अविश्वास गेला. तो अविश्वास हाच मूळ सिनेमाचा कणा होता.

ओसाकाकर

पद्धतीचा विषय निघालाच आहे तर जपानी पटकथा कागदावर कशी असते ते सांगतो, त्याशिवाय 'खर्डा' किती मोठा हे कळणार नाही.

चौकटींचा कागद असतो, एका चौकटीत एक अक्षर. पूर्ण पान ४०० अक्षरांचं. पटकथावाले अर्धं पान वापरतात, २०० अक्षरांचं, त्याला म्हणतात 'पेरा'. ढोबळ हिशेब असा की दोन पेरा म्हणजे पडद्यावर एक मिनिट. दोन तासांच्या सिनेमाला सुमारे २४० पेरा. निर्माता गठ्ठा हातात घेतो आणि मोजतो. मजकूर वाचायच्या आधीच लांबी कळते. हिशेब फसतो तो दोन ठिकाणी. हाणामारीत चार ओळी लिहिलेल्या असतात आणि पडद्यावर पाच मिनिटं जातात. उलट भराभर बोलणाऱ्या पात्रांचे संवाद कागदावर पसरट दिसतात आणि झटक्यात संपतात.

लिहायच्या आधी 'हाकोगाकी', म्हणजे खोक्यांची मांडणी. प्रत्येक प्रसंगाला एक चौकट आखायची: जागा, वेळ, कोण आहे, काय घडतं, आणि प्रसंग संपताना काय बदललेलं असतं. मोठ्या खोक्यांत सिनेमाचे चार-पाच भाग, त्यांच्या पोटात छोटी खोकी. एखाद्या खोक्यात 'काय बदललं' ही जागा रिकामी राहिली तर तो प्रसंग उडवायचा किंवा शेजारच्यात मिसळायचा. 'हाराकिरी' बघताना हे लक्षात ठेवा. एका अंगणात एक रोनिन, म्हणजे धनी नसलेला सामुराई, बसलाय आणि बोलतोय, वर्तमानात बराच वेळ तेवढंच दिसतं. पण त्याच्या बोलण्यातून उघडणारं प्रत्येक खोकं ई घराण्याच्या कारभाऱ्याची बाजू थोडी थोडी पोखरत जातं.

अजून एक. आपल्याकडे कथा, पटकथा, संवाद अशी तीन श्रेयं तीन माणसांना असू शकतात. जपानी पटकथेत संवाद आलेच, ते वेगळ्या माणसाकडे जात नाहीत. त्यामुळे हाशिमोतोंच्या नावापुढे 'पटकथा' वाचलंत की शब्दही त्यांचेच धरायला हरकत नाही.

पारिजातक

वा, ओसाकाकर! आणि कादंबरीवरून पटकथा करताना हाशिमोतोंचं काही सूत्र होतं का? त्यांच्या यादीत कादंबऱ्याच जास्त दिसतायत.

रिळवाला

इतामींनी त्यांना नेमकं हेच विचारलं होतं. हाशिमोतोंचं उत्तर जरा अंगावर येणारं आहे. गोठ्यात एक गाय आहे असं समजा. मी रोज जाऊन तिला बघतो, पुढून, मागून, बाजूने. तिचं मर्म कुठे आहे ते कळलं की आत शिरतो, एका घावात मारतो आणि वाहणारं रक्त भरून घेतो. मला गायीचा आकार नको, रक्त हवं. इतामींनी ऐकून घेतलं, पण म्हणाले की जिच्याबरोबर जीव द्यावा अशीही एखादी कलाकृती भेटते.

आता 'सुना नो उत्सुवा' ('वाळूचं भांडं', १९७४) बघा. तिथे हे सूत्र अक्षरशः दिसतं. सेइचो मात्सुमोतोंची कादंबरी योमिउरी वृत्तपत्रात १९६०-६१ मध्ये क्रमशः आली. पटकथा हाशिमोतो आणि योजी यामादा यांची. कादंबरीतला खुनी आधुनिक इलेक्ट्रॉनिक संगीत करणारा, आणि त्यातले काही मृत्यू ध्वनिलहरींच्या यंत्राने घडवलेले. सिनेमात ते यंत्र साफ गेलं, जादाचे मृत्यू गेले. संगीतकार झाला पियानोवादक, त्याच्या हाती एक मोठी रचना दिली, 'शुकुमेई', म्हणजे नियती. एका मुलीने रक्ताळलेल्या सदऱ्याचे बारीक तुकडे करून धावत्या रेल्वेच्या खिडकीतून उडवून देणं मात्र ठेवलं. बोलीभाषेचा धागाही ठेवला: दारूच्या गुत्त्यात ऐकलेला 'कामेदा' शब्द आणि ईशान्येकडचे वाटणारे हेल. पोलीस त्यावरून अकितातल्या कामेदाला जाऊन हात हलवत परत येतात. मग भाषासंशोधन संस्थेत कळतं की तसेच हेल पार पश्चिमेला इझुमोतही आहेत, आणि तिथे कामेदाके नावाचं गाव आहे.

आणि मर्म? कुष्ठरोग झालेला बाप आणि त्याचा लहान मुलगा (हाच पुढचा संगीतकार) गाव सोडून भीक मागत फिरतात. कादंबरीत या प्रवासाला मोजक्या ओळी आहेत. ते कसे फिरले हे त्या दोघांनाच ठाऊक, अशा अर्थाच्या. हाशिमोतोंनी तिथेच घाव घातला. शेवटची सुमारे चाळीस मिनिटं त्यातून उभी केली. एकाच वेळी तीन गोष्टी चालतात: पोलीस मुख्यालयात तपासाधिकारी इमानिशी सहकाऱ्यांपुढे प्रकरण मांडतोय, सभागृहात संगीतकार 'शुकुमेई' सादर करतोय, आणि बाप-लेक बर्फातून, फुललेल्या झाडांखालून, समुद्रकाठाने चाललेत. त्या चालण्यात संवाद नाहीत. रचना बुनराकू या बाहुलीनाट्यावरून घेतली: निवेदक, शामिसेन हे तंतुवाद्य वाजवणारा आणि बाहुल्या. इमानिशी निवेदक, वाद्यवृंद शामिसेन, बाप-लेक बाहुल्या.

तांत्रिकदृष्ट्या हे फसायला शंभर वाटा होत्या. पोलिसाचं बोलणं जरा लांबलं की संगीत खाली दाबावं लागतं. संगीत वर नेलं की माहिती हरवते. म्हणून माहिती तुकड्यातुकड्याने दिलीय, आणि इमानिशीचा गळा दाटतो तिथे बोलणं थांबवून वाद्यवृंद पुढे आणलाय. ऋतू चार, त्यामुळे प्रवासाचं चित्रीकरण मोजक्या माणसांच्या पथकाने वेगळं केलं. सगळा लवाजमा घेऊन वर्षभर थांबणं कुणालाच परवडलं नसतं.

एक बदल अजून. कादंबरीत बाप आधीच वारलेला आहे. सिनेमात तो रुग्णाश्रमात जिवंत आहे. इमानिशी त्याला मोठ्या झालेल्या मुलाचा फोटो दाखवतो, आणि बाप हुंदके देत सांगतो की मी या माणसाला ओळखत नाही. चार वर्षं रुग्णालयात काढलेल्या लेखकालाच हे सुचलं असावं, असं मला वाटतं.

कल्याण_लोकल

या सिनेमावर रुग्णसंघटनांनी आक्षेप घेतला होता ना?

ओसाकाकर

हो. हा रोग असा भयंकर शाप म्हणून दाखवला तर औषध असूनही लोक रुग्णांना दूर लोटत राहतील, अशी त्यांची भीती होती, आणि ती रास्त होती. जपानमध्ये रुग्णांना सक्तीने वेगळं ठेवणारा कायदा तेव्हा लागू होता. तो १९९६ साली रद्द झाला. म्हणजे सिनेमा आला तेव्हा त्यात दाखवलेला अन्याय इतिहासजमा झालेला नव्हता. चर्चेनंतर शेवटी पाट्या घातल्या: रोग बरा होतो, राहिला आहे तो पूर्वग्रह. पाट्या आल्या की उठू नका.

अवांतर: 'सुना नो उत्सुवा'चे संगीतदिग्दर्शक यासुशी आकुतागावा. 'राशोमोन'च्या मूळ कथा लिहिणाऱ्या आकुतागावांचे चिरंजीव. 'शुकुमेई' मात्र मित्सुआकी कान्नो यांची रचना, ते श्रेय बरेचदा चुकीचं दिलं जातं.

कल्याण_लोकल

मग निर्मितीसंस्थेची गरज का पडली? इतका नाणावलेला लेखक, तोहो नाहीतर शोचिकु कुणीही पैसे दिले असते.

रिळवाला

नाही दिले! 'सुना नो उत्सुवा'ची पटकथा कादंबरीपाठोपाठ तयार होती, पण शोचिकुचे सर्वेसर्वा शिरो किदो यांचा विरोध होता. दहा वर्षांहून जास्त काळ बासनात. दुसरीकडेही डाळ शिजली नाही: खर्चिक, चार ऋतूंचं चित्रीकरण, त्यात कुष्ठरोग. शेवटी १९७३ मध्ये दिग्दर्शक योशितारो नोमुरा, शिरो मोरितानी वगैरेंना घेऊन हाशिमोतो प्रॉडक्शन्स काढलं आणि १९७४ मध्ये शोचिकुबरोबरच भागीदारीत सिनेमा केला.

काळ लक्षात घ्या. दूरदर्शन संचाने प्रेक्षक घरी बसवले होते, दाइएई ही सिनेकंपनी १९७१ मध्ये दिवाळखोरीत गेली होती. मोठे स्टुडिओ स्वतः कमी सिनेमे काढून बाहेरच्यांबरोबर भागीदारी करायला लागले होते. लेखकाने निर्माता व्हायला ही फट पुरेशी होती.

दुसरा सिनेमा 'हाक्कोदासान' (१९७७), जिरो नित्ता यांच्या कादंबरीवर. खरी घटना: जानेवारी १९०२, हाक्कोदा डोंगरात हिवाळी सरावाला गेलेल्या आओमोरीच्या ५ व्या पलटणीतल्या २१० जणांपैकी १९९ मेले. त्याच सुमारास दुसऱ्या बाजूने निघालेली हिरोसाकीची ३१ व्या पलटणीची तुकडी सुखरूप पार झाली. दिग्दर्शक मोरितानी, छायाचित्रकार दाइसाकु किमुरा, चित्रीकरण खऱ्या बर्फात.

लेखनातली अडचण कुणाच्याही पटकन लक्षात येत नाही. दोन तुकड्या, दोन्हींचा गणवेश सारखा, तोंडावर बर्फ, मागे सगळं पांढरं. कोण कुठला हे प्रेक्षकाला कळणार कसं? हाशिमोतोंनी तारीख-जागेच्या पाट्या आणि नकाशे वापरले, आणि अधूनमधून पात्रांच्या आठवणीतला हिरवागार उन्हाळा कापून आणला. ती दृश्यं नुसती हळवेपणाची नाहीत, डोळ्यांना विसावा देणारी आहेत. पुन्हा पांढरं आलं की गारठा नव्याने लागतो.

तिरकस

आणि धंदा? 'हाक्कोदासान'ने २५ अब्ज येन मिळवले असं मी एका ठिकाणी वाचलं.

ओसाकाकर

दशांशाचा घोळ. आकडा २५.०९ ओकु, म्हणजे आपल्या भाषेत सुमारे २५१ कोटी येन, अडीच अब्ज. एक ओकु बरोबर दहा कोटी. भाषांतरात हा सांधा नेहमी निखळतो.

दुसरी गोम अशी की हे तिकीटविक्रीचे पैसे नव्हेत. जपानमध्ये १९९९ पर्यंत 'वितरण उत्पन्न' जाहीर व्हायचं, म्हणजे चित्रपटगृहाने आपला वाटा काढून घेतल्यावर वितरकाकडे आलेली रक्कम. २००० पासून एकूण तिकीटविक्री सांगतात. त्यामुळे १९७७ चा आकडा आजच्या आकड्याशेजारी ठेवला की जुना सिनेमा उगाच लहान दिसतो. त्या वर्षीच्या जपानी सिनेमांत 'हाक्कोदासान' पहिला होता, हे पुरेसं बोलकं आहे.

यात आगाऊ तिकिटांचा हात मोठा. तिथे सिनेमा लागायच्या आधी सवलतीची तिकिटं विकतात. संस्था, कंपन्या, संघटना ती गठ्ठ्याने घेतात. सहनिर्माता शिनानो किकाकु ही सोका गाक्काई या बौद्ध संघटनेशी जोडलेली कंपनी होती. निर्मात्याने अशी साखळी धरली की पहिल्या दिवसाआधीच बराचसा पैसा हातात येतो. त्यातला धोका म्हणजे विकलेलं तिकीट आणि खुर्चीत बसलेला माणूस एक नव्हे. आगाऊ आकड्यांवर विसंबून पुढचा सिनेमा आखला की फसगत होते.

चहाबिस्कुट

आणि फसगत झाली ती 'माबोरोशी नो मिझुउमी'त? त्याचं कथानक वाचून मला कुणीतरी थट्टा करतंय असं वाटलं.

रिळवाला

थट्टा नाही. १९८२, तोहोच्या पन्नाशीनिमित्तचा सिनेमा. मूळ कथा, पटकथा, दिग्दर्शन हाशिमोतोंचं, निर्मितीतही तेच. लांबी १६४ मिनिटं. बिवा सरोवराकाठच्या ओगोतो गावात शरीरविक्रय होणाऱ्या स्नानगृहात काम करणारी तरुणी रोज कुत्र्याबरोबर सरोवराकाठी धावते. कुणीतरी कुत्र्याला मारतं. मारणारा एक संगीतकार असल्याचा माग ती काढते आणि त्याला गाठायला शब्दशः धावत सुटते. मध्ये सोळाव्या शतकातलं आख्खं उपकथानक आहे. शेवट अंतराळयानात, बिवा सरोवराच्या वर.

लवकरच पडद्यावरून उतरवला. पुढे काही वर्षांनी रात्रीच्या खेळांना हौशी गर्दी करायला लागले, ती गोष्ट वेगळी.

धाग्याच्या सुरुवातीला मांडलेला माझा मुद्दा इथे येतो. मेजाशी ओगुनी नव्हते, कुरोसावा नव्हते, किदोही नव्हते. खोकी भरपूर, पण 'हे खोकं उडवा' म्हणायला कुणी नाही. संगीतकाराचा पाठलाग दोनदा होतो. ओगुनींनी पहिला ठेवला नसता.

तिरकस

गाडी छान चालली होती, शेवटी रुळावरून घसरलात. 'हाक्कोदासान'लाही हाशिमोतोच निर्माते होते, तिथे कोण 'नाही' म्हणत होतं?

मला फरक वेगळा दिसतो. 'हाक्कोदासान' आणि 'सुना नो उत्सुवा' दोन्हींना गाय होती, म्हणजे कादंबरी. 'माबोरोशी' स्वतःच्याच कथेवर. गोठा रिकामा, घाव कुठे घालणार? शिवाय दोन्ही यशस्वी सिनेमांना दिग्दर्शक वेगळे होते. हाशिमोतोंनी दिग्दर्शन तीनदाच केलं: १९५९, १९६१ आणि हा.

रिळवाला

दिग्दर्शक वेगळा असणं हेही 'नाही' म्हणणारं माणूस असणंच की. नोमुरा मुरलेले होते, पटकथेतलं काय पडद्यावर उभं राहणार नाही हे त्यांना कळायचं.

पण गायीचा मुद्दा अर्धाच मान्य. १९५९ च्या सिनेमाची गोष्ट बघा. 'मला शिंपला व्हायचंय' आधी १९५८ साली टीव्हीवर नाटक म्हणून आलं आणि प्रचंड गाजलं: खेड्यातला न्हावी, युद्धात वरिष्ठांच्या हुकमावरून अमेरिकी कैद्याला संगीन खुपसायला लावलेला, आणि त्याबद्दल युद्धगुन्हेगार म्हणून फाशी. कथानक हाशिमोतोंचंच. मात्र पुढच्या जन्मी खोल समुद्रातला शिंपला व्हायचंय ही कल्पना तेत्सुतारो कातो या युद्धकैद्याच्या लेखनातली होती, आणि त्यावरून श्रेयाचा वाद झाला. म्हणजे तिथेही रक्त दुसऱ्याकडूनच आलेलं.

पारिजातक

आता कुठून सुरुवात करू? कुरोसावांचे पाहिलेत. 'माबोरोशी' शेवटी.

तिरकस

'माहिरु नो आनकोकु' (१९५६), दिग्दर्शक तादाशी इमाई. यामागुची प्रांतातल्या खऱ्या खूनखटल्यावर, खटला चालू असतानाच काढलेला. खून एकट्याने केलेला, पोलिसांनी मारहाण करून कबुलीजबाबात आणखी चार जण गोवलेले. कबुलीजबाबातल्या वेळा खऱ्या मानल्या तर पाच जणांना किती धावपळ करावी लागली असती, ते वकिलाच्या भाषणाबरोबर भरभर करून दाखवलंय. हसू येतं, आणि पोलिसांची बाजू तिथेच संपते. शेवटची हाक, अजून सर्वोच्च न्यायालय आहे, अशी. प्रत्यक्षात निर्दोष सुटका व्हायला १९६८ उजाडलं.

ओसाकाकर

त्यानंतर 'हारिकोमी' (१९५८). मात्सुमोतो, नोमुरा आणि हाशिमोतो या त्रिकुटाची सुरुवात. दोन पोलीस योकोहामाला गाडी पकडतात आणि उकाड्यात, उभ्याने, जमिनीवर बसून सागापर्यंत जातात. तिथे खोली घेतात, खिडकी किलकिली करून समोरच्या घरावर नजर ठेवतात, आणि तेव्हा कुठे सिनेमाचं नाव पडद्यावर येतं. तोवर दहा मिनिटांहून जास्त झालेली असतात. 'जपानचा सगळ्यात मोठा दिवस' (१९६७) मध्येही तसंच. शरणागतीपर्यंतच्या घडामोडी सुमारे वीस मिनिटं चालतात आणि मग नाव. नाव आलं नाही म्हणून फाइल अर्धवट उतरली असं समजून बंद करू नका. प्रत ठीक आहे की नाही ते लांबी बघून ठरवा: दुसऱ्याची १५७ मिनिटं, 'सुना नो उत्सुवा'ची १४३.